'नाता' : पोस्टरच्या पलीकडे

धर्मांमधील सलोख्यावरचा माहितीपट म्हटला की आपण थोडे सावध होतो. उपदेश ऐकावा लागणार, हे गृहीतच असते. अंजली मोंतेरो आणि के. पी. जयशंकर यांचा 'नाता' (2003) मात्र उपदेश करीत नाही. तो दोन मित्रांकडे बघतो. धारावीतले भाऊ कोरडे आणि वकार खान हे ते मित्र.

1992-93 च्या दंगलीने मुंबईचे मन दुभंगले. त्यानंतर मोहल्ला समित्यांमधून काम करणाऱ्यांत हे दोघे होते. तयार कपड्यांचा छोटा व्यवसाय असलेल्या वकारभाईंनी एक पोस्टर काढले. हिंदू, मुस्लिम, शीख, ख्रिस्ती वेशातली चार मुले आणि 'हम सब एक हैं' हे वाक्य. हे चित्र कोणा जाहिरातवाल्याने बनवलेले नव्हते. ज्या वस्तीला जखम झाली, त्याच वस्तीतून ते आले, हे त्याचे मोल.

तरीही एक शंका मनातून जात नाही. ही मुले एक आहेत हे सांगण्यासाठी आधी त्यांना वेगवेगळे कपडे चढवावे लागले. आमच्या मालवण किनाऱ्यावर बाजारात मासळीचा भाव करणारा मुसलमान कोणता आणि हिंदू कोणता, हे पुष्कळदा नाव विचारल्यावरच कळते. दोघांची बोली एक, हेलही एकच. असा मराठी मुसलमान त्या पोस्टरात कोठे बसवायचा? टोपी-शेरवानी घातल्याशिवाय तो मुसलमान म्हणून ओळखूच येणार नाही काय?

'नाता'चे यश असे की तो पोस्टरापाशी थांबत नाही. पोस्टरातली मुले ही प्रतीके आहेत. भाऊ आणि वकार ही माणसे आहेत. त्यांची मैत्री घोषणेतून नव्हे, रोजच्या कामातून उभी राहिली आहे. दिग्दर्शकही कॅमेऱ्यामागे लपून राहत नाहीत. या शहराशी असलेले स्वतःचे नातेही ते चित्रपटात आणतात. दुसऱ्याच्या वस्तीकडे बोट दाखवणे सोपे. त्या बोटाबरोबर स्वतःलाही दाखवणे अवघड.

हे दोघे टाटा समाजविज्ञान संस्थेत अनेक वर्षे शिकवत होते. 'साचा' (2001) मध्ये त्यांनी कवी नारायण सुर्वे आणि चित्रकार सुधीर पटवर्धन यांच्याबरोबर गिरणगावाची मुंबई पाहिली. समोरच्या माणसाला 'विषय' न मानता त्याच्याकडून शिकावे, ही त्यांची शिक्षकी वृत्ती दोन्ही चित्रपटांत जाणवते.

आपल्यावर इतरांनी काय दाखवले याची तक्रार आपण नेहमी करतो, आणि ती खोटी नाही. पण आपल्या किनाऱ्यावरचा मुसलमान, त्याची होडी, त्याची बोली, त्याचा शेजार, हे आपण तरी कधी दाखवले? आज प्रत्येक घरात कॅमेरा असलेला फोन आहे. गावातल्या एखाद्या शिक्षकाने मुलांना एवढेच सांगावे : आधी शेजारच्या घरात जा, बसा, ऐका, फोन नंतर काढा.