चावट सिनेमाचा बेदखल लेखक

दादा कोंडक्यांच्या सिनेमाबद्दल मराठीत दोनच सूर ऐकू येतात. कुणी त्याला अश्लील म्हणून झिडकारतं, तर कुणी गिनीज बुकात नोंदलेल्या नऊ रौप्यमहोत्सवी चित्रपटांचा दाखला देतं. हे चित्रपट कुणीतरी लिहिले होते, याची आठवण मात्र दोघांनाही नसते.

हे लेखन उगवलं तमाशातून. नाशिक-छत्रपती संभाजीनगर रस्त्यावरच्या विंचूरसारख्या कांद्याच्या बाजारपेठेच्या गावांना गण, गवळण, बतावणी आणि वग हा क्रम सांगावा लागत नाही. गवळणीतली मावशी आणि पेंद्या किती चावट बोलणार, सोंगाड्या पाटलाला कुठवर चिमटा काढणार, याचे संकेत फडाला ठाऊक असतात आणि प्रेक्षकालाही. हे भान शहरी रंगमंचावर आणलं वसंत सबनीसांनी. 'छपरी पलंगाचा वग' हे त्यांचं लोकनाट्य 1965 मध्ये 'विच्छा माझी पुरी करा' या नावानं रंगभूमीवर आलं. त्यातला प्रधान आपल्या मेहुण्याला कोतवाल करतो आणि लायक हवालदार तसाच राहतो. पुढे मैनावतीच्या नादानं कोतवाल थेट राजाचा पलंग पळवायला निघतो. चावटपणा आहे, पण रोख वशिलेबाजीवर आहे.

सबनीसांनीच लिहिलेला 'सोंगाड्या' 1971 मध्ये आला. त्यातला नाम्या भोळा आहे. आपल्या बोलण्याचा दुसरा अर्थ त्याच्या गावीही नसतो, तो कळतो फक्त प्रेक्षकाला. या शैलीचं सारं कसब इथे आहे. वाक्याला दोन टोकं ठेवायची, पात्राच्या हाती एकच द्यायचं आणि दुसरं बघणाऱ्यावर सोपवायचं. वाईट अर्थ ऐकणाऱ्याच्या मनात असतो, हा दादांचा सेन्सॉरशी चाललेला युक्तिवादही याच कारागिरीवर उभा होता. असा संवाद लिहिणं सोपं नाही. शब्द जरा उघडा पडला की पात्राचा भोळेपणा खोटा वाटू लागतो.

'पांडू हवालदार' (1975) पर्यंत हा तोल बऱ्याच अंशी टिकला. वर्दीतल्या भोळ्या माणसाशेजारी अशोक सराफांचा लाचखोर सखाराम उभा राहिल्यानं विनोदाला पोलीस खात्याची वास्तव जमीन मिळाली. ऐंशीच्या दशकात मात्र तोल ढळला. 'आली अंगावर' (1982), 'अंधेरी रात में दिया तेरे हाथ में' (1986) अशा चित्रपटांत शीर्षकच आमिष झालं. सत्ताधाऱ्याची फजिती मागे पडली आणि स्त्रीचं शरीर हेच विनोदाचं लक्ष्य बनलं. माझा आक्षेप चावटपणाला नाही, या घसरणीला आहे. दुबळ्याच्या तोंडी दिलेलं शस्त्र दुबळ्यावरच उलटलं.

या वाटचालीत राजेश मुजुमदार हे नाव महत्त्वाचं आहे. दादांच्या अनेक चित्रपटांच्या लेखनाशी ते जोडलेलं आहे, पण मराठी समीक्षेनं त्याची दखल घेतली नाही. याच वाटचालीच्या सुरुवातीच्या काळात, 1972 मध्ये, विजय तेंडुलकरांचं 'सखाराम बाइंडर' सेन्सॉरशी न्यायालयात लढलं आणि नाट्येतिहासाचा भाग झालं. ते योग्यच झालं. पण नागर नाटकातल्या धाडसाला वाङ्मयीन प्रतिष्ठा आणि जत्रेतल्या प्रेक्षकासाठी लिहिणाऱ्याला साधी नोंदही नाही, ही विषमता कलेची नाही, वर्गाची आहे. कुणाची चांगली वाक्यं कोणती आणि घसरण नेमकी कुणाची, हेही म्हणूनच ठरवता येत नाही. सगळं श्रेय आणि सगळा दोष दादांच्या खात्यात जमा होतो.

आजही चित्र फार वेगळं नाही. 'टकाटक'सारखे (2019) चित्रपट धीटपणा मिरवतात, पण त्यांच्या विनोदात व्यवस्थेला चिमटा नाही. 2022 मध्ये महेश मांजरेकरांच्या एका चित्रपटावरून वादळ उठलं, ते झलकेतल्या दृश्यांवरून. मूळ कथा जयंत पवारांची होती. गिरणगावाच्या पडझडीतून हिंसा कशी जन्मते हे सांगणाऱ्या त्या लेखकाच्या कथेचं पडद्यावर काय झालं, हा खरा समीक्षेचा प्रश्न होता. तो अभावानंच विचारला गेला.

अश्लील की श्लील, हा निवाडा सेन्सॉरवर सोडावा. समीक्षकाचं काम वेगळं आहे: हसू कुणावर आहे आणि ते कुणी लिहिलं, हे विचारण्याचं. त्यासाठी या चित्रपटांच्या संहिता हाती हव्यात. पुण्यातल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयानं आणि विद्यापीठांच्या मराठी विभागांनी त्या शोधाव्यात, प्रकाशकांनी छापाव्यात. आणि ज्यांच्या घरी एखाद्या पटकथेची किंवा वगाची जुनी वही असेल, त्यांनी ती रद्दीत घालू नये.