जांभळा बल्ब पलटून घे

"जांभळा बल्ब पलटून घे गं, साकळला तर काकांना परत टोचावं लागंल."

औरंगाबादच्या उस्मानपुऱ्यातल्या एका लॅबमध्ये सकाळी पावणेआठला, उपाशीपोटी, दंडाला रबरी पट्टा बांधलेला असताना हे वाक्य माझ्या कानावर पडलं. बोलणारी टेक्निशियन, ऐकणारी तिच्या हाताखाली नवीन लागलेली मुलगी, आणि परत टोचून घेण्याची पाळी ज्यांच्यावर येणार होती ते काका म्हणजे मी. मराठी शिकवण्यात माझी नोकरी गेली. कवितेखाली 'रसग्रहण करा' असं छापलेलं असलं की मुलांच्या कपाळावर आठ्या पडायच्या, त्या मी तीस वर्षं पाहिल्या. निवृत्तीनंतर शुगर तपासायला आलो आणि दंडाला पट्टा असतानाच रसग्रहणाला उतारा मिळाला. अकरा शब्दांचा. त्यातला एक शब्द असा की तो कुठल्याही परिभाषा कोशात या अर्थाने बसायचा नाही.

बल्ब म्हणजे रक्ताचा नमुना घ्यायची नळी. महाराष्ट्रातल्या कुठल्याही दवाखान्यात जा, सिस्टर, वॉर्डबॉय, टेक्निशियन, शिकाऊ डॉक्टर, सगळे तिला बल्बच म्हणतात. प्लेन बल्ब, ईडीटीए बल्ब, फ्लोराइड बल्ब. 'दोन बल्ब काढ.' 'बल्ब घाटीत पोचव.' (सरकारी मेडिकल कॉलेजच्या दवाखान्याला आमच्या गावात घाटी म्हणतात, हे बाहेरच्यांसाठी.) बाहेरून आलेला माणूस मात्र हमखास गोंधळतो. माझ्या शेजारी खुलताबादकडून आलेल्या एक आजी बसल्या होत्या. त्यांच्या मुलाला सांगितलं गेलं, "आजीचे तीन बल्ब लागतील." आजींनी वर छताकडे पाहिलं. तिथे ट्यूबलाइट चांगली लख्ख चालू होती.

आजींचं काही चुकलं नव्हतं. त्या नळीत बल्बसारखं काहीच नाही. बोटाएवढी लांब, सरळ, बुडाशी गोल. फुगीरपणा कुठेच नाही. बल्ब या शब्दाचं मूळ ग्रीक बोल्बोस, म्हणजे कांद्यासारखा कंद. पुढे इंग्रजीत कंदासारखा फुगलेला काचेचा भाग तो बल्ब झाला. तापमापीचा पारा जिथे साठतो तो भाग बल्ब, आपल्या शाळेच्या पुस्तकात त्याला 'फुगा' म्हणतात. मग दिव्याचा बल्ब आला आणि बाकीचे अर्थ त्याच्या उजेडात दिसेनासे झाले. लॅबमधल्या नळीला नावापुरता बल्ब उरला, फुगा गेला. शब्दाच्या मुळाशीच जायचं तर जांभळा बल्ब म्हणजे जांभळा कांदा. लासूरच्या कांद्याच्या बाजारात हे कुणालाही पटेल.

आता याच्या शेजारी आपले घडवलेले शब्द ठेवून पाहा. परीक्षानळी. शंकुपात्र. चंचुपात्र. बालभारतीच्या विज्ञानाच्या पुस्तकांतून हे शब्द आपल्या सगळ्यांच्या डोक्यात बसले. चंचुपात्र हा तर मला मराठीतल्या देखण्या शब्दांपैकी एक वाटतो. काचेच्या त्या भांड्याच्या काठाला ओतण्यासाठी जो छोटा पन्हळ काढलेला असतो, त्यात कुणाला तरी चोच दिसली. इंग्रजी बीकर हा मूळचा पेल्यासाठीचा जुना शब्द, त्याचा पक्ष्याच्या चोचीशी जन्मसंबंध नाही. म्हणजे मराठी शब्द व्युत्पत्तीला फसला असेल, पण भांड्याला फसलेला नाही. ते भांडं कधीही न पाहिलेल्या मुलालाही चंचुपात्र म्हटल्यावर चोच दिसते, आणि पुढे प्रयोगशाळेत तो ते बरोबर ओळखतो. नाव कसं ठेवावं याचा हा धडाच आहे.

परीक्षानळीची गंमत वेगळी. आमचं हे शहर 1948 पर्यंत निजामाच्या राज्यात. हैदराबादच्या उस्मानिया विद्यापीठात शास्त्रविषयही उर्दूतून शिकवायचे ठरले, म्हणून 1917 मध्ये तिथे दारुल तर्जुमा, म्हणजे भाषांतराचं खातं, निघालं. त्याचे पहिले प्रमुख मौलवी अब्दुल हक. त्यांच्या अंजुमन तरक्की-ए-उर्दूचं ठाणं पुढेही बरीच वर्षं औरंगाबादेतच होतं. उर्दूत टेस्ट ट्यूबला म्हणतात इम्तिहानी नली. इकडे 1 मे 1960 ला महाराष्ट्र झाला, 6 जुलैला भाषा संचालनालय निघालं, आणि मराठीतून विज्ञान शिकणाऱ्यांच्या वाट्याला आली परीक्षानळी. एका भाषेने फारसी-अरबीच्या कोठारात हात घातला, दुसरीने संस्कृतच्या, आणि दोघींच्या हाती अगदी एकच वस्तू लागली: इम्तिहान म्हणजे परीक्षा, नली म्हणजे नळी. दोघींची चूकही एकच. परीक्षा म्हटलं की आपल्याकडे हॉल तिकीट आठवतं. रसायन कुठे आठवतं?

आपल्या जुन्या शास्त्रात शब्दांचे जे प्रकार सांगितले आहेत, त्यातले दोन इथे कामाचे. ज्यांचा अर्थ अवयवांतून निघतो ते यौगिक, आणि ज्यांचा अर्थ केवळ वहिवाटीने ठरतो ते रूढ. चंचुपात्र यौगिक, बल्ब रूढ. आणि शास्त्रकारच सांगून गेलेत की योग आणि रूढी यांची झुंज लागली तर रूढी बलवत्तर. शासनाचा पदनाम कोश निघाला तेव्हा अत्र्यांनी त्याला बदनाम कोश म्हणून झोडपलं. लोक हसले आणि त्यातले कितीतरी शब्द पुढे मुकाट्याने वापरूही लागले, म्हणजे घडवलेले शब्द रुळतच नाहीत असंही नाही. पण ते रुळतात तिथे, जिथे ते कागदावर रोज लिहावे लागतात. लॅबमध्ये शब्द हाताबरोबर चालतो. एका हातात सुई, दुसऱ्यात कापूस, समोर पेशंट घाबरलेला. तिथे 'परीक्षानळी दे' म्हणेपर्यंत नस निसटते.

कुपी हा शब्द मात्र या जागेला शोभला असता, अशी माझी चुटपूट आहे. कूप म्हणजे विहीर, कूपी म्हणजे लहानशी विहीर. अत्तराची कुपी आपण म्हणतोच. वैद्यांच्या रसशास्त्रात तर तो पक्का पारिभाषिक शब्द आहे. काचेच्या कुपीला मातीत भिजवलेल्या कापडाचे सात थर द्यायचे, आत पारा-गंधकाची कज्जली भरायची, कुपी वाळूने भरलेल्या भांड्यात पुरून खालून आच द्यायची. गळ्याशी जमतो तो रससिंदूर. अशा औषधांना नावच कूपीपक्व. 2021 मध्ये कोरोनाच्या लशीच्या बातम्यांतून हा शब्द पुन्हा उठून बसला, एका कुपीत दहा डोस वगैरे. तरी दवाखान्यात तो शिरला नाही. वर्तमानपत्रात कुपी आणि टेबलावर व्हायल, अशी वाटणी झाली.

आता आपल्या वाक्याकडे. जांभळा. हे विशेषण शोभेचं नाही, वाक्यातला सगळा जीव त्यात आहे. नळीच्या झाकणाचा रंग म्हणजे आत काय घातलं आहे त्याची खूण. लाल म्हणजे काही नाही किंवा साकळायला मदत करणारं काही. रक्त साकळू द्यायचं आणि वरचं पिवळसर सीरम घ्यायचं. निळ्यात सोडियम सायट्रेट, रक्ताच्या नऊ भागांना एक भाग, म्हणून निळा खुणेपर्यंतच भरावा लागतो. ग्रेमध्ये फ्लोराइड असतं. रक्त बाहेर काढलं तरी त्यातल्या पेशी साखर खातच राहतात, तासाला पाच-सात टक्के. फ्लोराइड त्यांचं तोंड बांधतं. जांभळ्यात ईडीटीए. नवीन मुलगी जांभळा, लाल, पिवळा म्हणते, पण ग्रेला करडा म्हणत नाही, राखाडीही नाही. मला वाटतं, करडा म्हटलं की आपल्याला नजर आठवते, नाहीतर शिस्त. जांभळ्याला मात्र जांभळाचं झाडच पाठीशी उभं.

ईडीटीए 1935 च्या सुमारास जर्मनीत फर्डिनांड म्युन्झ यांनी बनवलं, कापड रंगवण्याच्या कामासाठी. जड पाण्यातला कॅल्शियम रंगाला त्रास देतो, त्याला पकडून ठेवायला. आमच्या बोअरच्या पाण्याने नळाच्या तोंडाशी जो पांढरा थर बसतो, त्यातही हाच कॅल्शियम. रक्त साकळायलाही तोच लागतो. ईडीटीएने त्याला धरून ठेवलं की रक्त पातळ राहतं आणि पेशी मोजता येतात.

साकळला. हे क्रियापद मी वर्गात कधी शिकवलं नाही याचं वाईट वाटतं. पाणी गोठतं, तूप थिजतं, दूध विरजतं, रक्त साकळतं. प्रत्येकाचं घट्ट होणं वेगळं आणि प्रत्येकाला वेगळं क्रियापद. त्या टेक्निशियनने दिवसभर इंग्रजी नावं हाताळून ऐन वेळी हेच उचललं. आणि कर्ता पाहा: साकळतं ते रक्त, ती म्हणाली बल्ब साकळला. भांडं बोललं, भांड्यातला जिन्नस घ्यायचा. 'मंच ओरडतात' म्हटलं की मंचावरची माणसं ओरडतात असं समजायचं, हे लक्षणेचं उदाहरण मी फळ्यावर किती वेळा लिहिलं असेल. मुलं वहीत उतरवून घ्यायची आणि विसरायची. इथे एक टेक्निशियन नकळत त्यावर दिवसाला शंभर नळ्या चालवते.

पण हीच लक्षणा कधी अंगाशीही येते. अण्णांच्या, म्हणजे वडिलांच्या, आजारपणातली गोष्ट; गाव दुसरं, लॅब दुसरी. रिपोर्ट आला: पोटॅशियम नऊच्या वर, कॅल्शियम निम्म्याहून कमी. पोटॅशियम साधारण साडेतीन ते पाच असावं. डॉक्टरांनी कागद वाचला आणि अण्णांकडे पाहिलं. अण्णा डब्यातले पोहे खात होते आणि लिंबू नाही म्हणून तक्रार करत होते. "असे आकडे असलेला माणूस पोहे खात नाही," डॉक्टर म्हणाले. "लाल बल्बात रक्त कमी पडलं असणार, कुणीतरी जांभळ्यातलं ओतलंय." जांभळ्यातलं ईडीटीए पोटॅशियमच्या क्षाराच्या रूपात असतं. ते रक्ताबरोबर लाल नळीत गेलं. पोटॅशियम वाढवलं, कॅल्शियम धरून ठेवलं. ओतणाऱ्याला वाटलं, रक्त ते रक्त. त्याला दोन्ही बल्ब सारखेच होते, आणि बल्ब म्हणजे आतलं रक्त, एवढीच लक्षणा त्याला ठाऊक होती. बल्ब म्हणजे आतलं औषधही, हे त्याला कुणी शिकवलं नव्हतं.

म्हणून त्या वाक्यात 'जांभळा' आधी आहे. आणि म्हणूनच 'पलटून घे' आहे, 'हलव' नाही. आठ-दहा वेळा सावकाश उलटं-सुलटं करायचं, म्हणजे भिंतीला लागलेलं ईडीटीए सगळीकडे मिसळतं. खळखळ हलवलं तर पेशी फुटतात आणि नमुना वाया जातो. थाळीपीठ पलटताना जो हात लागतो, तोच इथे. नमुना हा शब्द मात्र टेक्निशियनने एकदाही वापरला नाही. बरंच केलं. आमच्याकडे नमुना म्हटलं की एखादा अर्धवट माणूस डोळ्यांपुढे येतो.

रक्त झालं, आता आजींना लघवी द्यायची होती. त्यासाठी वेगळं भांडं, प्लास्टिकचं, आट्याच्या झाकणाचं. लॅबच्या यादीत त्याचं नाव कंटेनर. मुलीने ते आजींच्या हातात दिलं आणि म्हणाली, "ही डबी घ्या." कुंकवाची डबी, तपकिरीची डबी, हिंगाची डबी. या शब्दाला समजावून सांगावं लागलं नाही. आजी उठल्या आणि सरळ आत गेल्या.

मला दोन तासांनी पुन्हा यायचं होतं, जेवणानंतरच्या शुगरसाठी. निघताना पाहिलं, स्टँडमध्ये माझे दोन बल्ब उभे होते, एक जांभळा, एक ग्रे. लेबलवर माझ्या आडनावातला एक काना गळला होता. मी सांगितलं. मुलीने पेनने तो तिथल्या तिथे काढला, बल्ब पुन्हा एकदा पलटला आणि म्हणाली, "काका, पोटभर खाऊन या, नाहीतर ग्रे वाया जाईल."