निमित्त : चित्ताची निर्मिती की पूर्वपुण्याची खूण?

डोळे मिटल्यावरही वस्तू दिसत राहावी, या मानवी सामर्थ्याचे अत्यंत सूक्ष्म विवेचन आचार्य बुद्धघोषांच्या ‘विसुद्धिमग्ग’ या पाचव्या शतकातील ग्रंथात आढळते. धर्मानंद कोसंबी यांनी १९४० साली तो मुंबईहून देवनागरीत प्रसिद्ध केला. त्यातील पृथ्वीकसिणाचे प्रकरण मात्र चिकित्सक दृष्टीने वाचावयास हवे.

तेथील विधी साधा आहे. अरुणवर्णी मातीचे एक वीत चार अंगुळे रुंदीचे मंडल करावे, अडीच हातांवर बसून ते पाहावे आणि डोळे मिटावेत. मिटल्या डोळ्यांनाही ते तसेच दिसू लागले, की ते ‘उग्गहनिमित्त’ होय. त्यात मंडलावरील बोटांचे ठसेसुद्धा दिसतात. पुढे उपजणारे ‘पटिभागनिमित्त’ निर्दोष असते. आचार्य त्याला ‘सञ्ञज’, म्हणजे संज्ञेतून जन्मलेले म्हणतात. येथे देव नाही, साक्षात्कार नाही. अभ्यासाने चित्त जे घडविते, त्याचीच ही नोंद आहे. आचार्यांचे हे मोठे यश होय.

परंतु काहींना निमित्त सहज का उमटते, या प्रश्नाशी आचार्य पूर्वजन्माकडे वळतात. नांगरलेले शेत पाहताच मल्लक थेरांना निमित्त लाभले, याचे कारण ते गतजन्मीच्या ध्यानात शोधतात. हे स्पष्टीकरण स्वीकारता येत नाही. वर्तमान अवस्थेचे मूळ गतजन्मीच्या कर्मात शोधण्याच्या विचारसरणीतील धोका बाबासाहेबांनी ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ (१९५७) या ग्रंथात दाखवून दिला आहे. ज्याला काही दिसत नाही, तो या न्यायाने पुण्यहीन ठरतो! अ‍ॅडम झेमन व त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१५ साली मनश्चित्रे न दिसणाऱ्या व्यक्तींच्या अवस्थेला ‘अफँटेशिया’ असे नाव दिले. अशा व्यक्ती विचारात वा शीलात उण्या नसतात. हा मनामनांतील भेद आहे.

याचे उत्तर ‘विसुद्धिमग्गा’तच मिळते, हे विशेष. त्यातील चाळीस कम्मट्ठानांपैकी केवळ बावीसांचे आलंबन पटिभागनिमित्त असते. उरलेल्या अठरांत मैत्री व करुणा येतात. म्हणून विहारातील ध्यानवर्गात ‘तुला काय दिसले?’ या प्रश्नाने साधकाची योग्यता मोजणे ग्रंथालाही धरून नाही. ज्याच्या मिटल्या डोळ्यांपुढे अंधारच असतो, त्यालाही मैत्रीचा अभ्यास पूर्णपणे खुला आहे.