देपार्दोंचा कॅमेरा आणि स्वयंपाकघरातलं टेबल

निरीक्षणात्मक माहितीपट म्हटला की आपण एक गोष्ट गृहीत धरतो. दिग्दर्शकानं मध्ये बोलायचं नाही, कॅमेरा तिथे नाहीच असं भासवायचं. रेमों देपार्दों यांची 'प्रोफिल पेइजां', म्हणजे शेतकऱ्यांची व्यक्तिचित्रं, ही चित्रत्रयी या गृहीतकालाच धक्का देते. तिचे भाग २००१, २००५ आणि २००८ साली आले.

तिसऱ्या भागाची, 'ला व्ही मोदेर्न'ची, सुरुवात आठवा. गाडीतला कॅमेरा दक्षिण फ्रान्समधल्या सेव्हेनच्या डोंगराळ रस्त्यानं सावकाश पुढे जातो. मागे गाब्रिएल फोरेचं संगीत. हा निसर्ग आपल्याला रमवायला ठेवलेला नाही. तो अंतर दाखवतो. ही घरं किती आडबाजूला आहेत, ते रस्ताच सांगतो.

मग आपण स्वयंपाकघरात येतो. कॅमेरा टेबलासमोर स्थिरावतो आणि देपार्दों चक्क प्रश्न विचारू लागतात. उत्तरं तुटक येतात. कधी येतच नाहीत. पण ते शांततेवर कात्री चालवत नाहीत. ऐंशी ओलांडलेले दोन अविवाहित भाऊ आहेत, त्यांच्या पुतण्याची बायको उत्तर फ्रान्समधून आलेली आहे. तिचा विषय निघाला की बोलणं अडखळतं. घरातला ताण आपल्याला त्या अडखळण्यातून कळतो, निवेदनातून नाही. आणखी एकजण एकटाच टीव्हीसमोर बसून आबे पिएर या बेघरांसाठी झटलेल्या धर्मगुरूंचा अंत्यविधी पाहतो. त्याला फार काही बोलावं लागत नाही.

इथे आपली एक तक्रारही नोंदवू. या पद्धतीत माणसाचा चेहरा दिसतो, पण त्याच्या शेतीचा हिशोब पुरेसा दिसत नाही. ही शेतं का ओस पडतात, दुधाचा भाव, अनुदान, कर्ज यांचा त्यात वाटा किती, हे टेबलापाशी बसून उलगडत नाही. त्यामुळे ऱ्हास हा ऋतूसारखा, कुणी न घडवलेला वाटू लागतो. हा धोका छोटा नाही.

मग ही त्रयी टिकते कशावर? आपल्या मते, परत जाण्यावर. देपार्दों स्वतः शेतकऱ्याचा मुलगा. सोळाव्या वर्षी शेत सोडून पॅरिसला गेले, छायाचित्रकार म्हणून जगभर फिरले. ते त्याच उंबरठ्यांवर वर्षानुवर्षं पुन्हा गेले. दोन भेटींच्या मधे माणसं थकलेली दिसतात. एका भेटीत मिळणारं दृश्य आणि दहा वर्षांत मिळणारा विश्वास यांतला फरक पडद्यावर दिसतो.

आपल्यापैकी अनेकांनी, किंवा आपल्या आईवडिलांनी, गाव सोडलेलं आहे. आपणही गावाकडे कॅमेरा घेऊन जातो. तेव्हा स्वतःला एवढंच विचारू या: फोटो काढून झाल्यावर आपण तिथे किती वेळ बसतो? आणि पुढच्या वर्षी पुन्हा जातो का?