‘रहबर’ : एक संज्ञा आणि एक संचालिका

वाद्यवृंदाचे संचालन करणाऱ्या व्यक्तीस फारसीत ‘रहबर’ म्हणतात. वाट दाखविणारा, नेता, हा त्या शब्दाचा अर्थ. १९७९ च्या क्रांतीनंतर इराणच्या सर्वोच्च राजकीय पदासही हेच अभिधान प्राप्त झाले. फारसीत व्याकरणिक लिंग नाही. मराठीने फारसी शब्द स्वीकारताना ‘दरवाजा’ पुल्लिंगी मानला आणि ‘जमीन’ स्त्रीलिंगी. ‘रहबर’ हा शब्द मात्र स्वभाषेत स्त्री-पुरुष असा भेदच जाणत नाही. असे असूनही नेजहत अमीरी यांचा उल्लेख करताना त्यापुढे ‘जन’, म्हणजे स्त्री, हे पद जोडावे लागते. ही गरज व्याकरणाची नव्हे, व्यवहाराची होय.

जानेवारी २०१८ मध्ये तेहरानच्या वहदत सभागृहात, फज्र संगीत महोत्सवात, अमीरी यांनी ७१ वादकांच्या वृंदाचे संचालन केले. १९६७ मध्ये हे सभागृह रूदकी या नावाने उघडले होते. या प्रयोगाची वार्ता दूरवर पोहोचली. तथापि तीत ‘पहिली’ या विशेषणाखेरीज संगीताविषयी फारसे काही आढळत नाही, ही खेदाची गोष्ट आहे.

वस्तुतः विचार करण्याजोगा प्रश्न संगीताचाच आहे. इराणी दस्तगाह-पद्धती मूलतः एकेका कलावंताच्या उपजेवर उभी आहे. संतूर, तार व कमानचे ही वाद्ये एकच स्वरावली आपापल्या अलंकरणाने वाजवितात. अलीनकी वजीरी (१८८७–१९७९) यांनी युरोपातील शिक्षणानंतर पाश्चात्त्य स्वरलेखन इराणी संगीतास लावले आणि अर्धस्वराहून सूक्ष्म अंतरांसाठी ‘सोरी’ व ‘कोरोन’ ही चिन्हे योजिली. तेव्हापासून संचालकापुढे एक पेच कायम आहे : लिखित स्वरांत सर्वांना बांधावे, तर अलंकरण मरते, मोकळीक द्यावी, तर वृंद विस्कटतो. अमीरी यांच्या कार्याचे मूल्यमापन करावयाचे ते या पेचाच्या संदर्भात.

येथे आणखी एक विसंगती नोंदविली पाहिजे. क्रांतीनंतर पुरुष श्रोत्यांसमोर स्त्रीच्या एकल गायनास बंदी आली. कमर-उल-मुलूक वजीरी यांनी १९२४ मध्ये तेहरानच्या ग्रँड हॉटेलात बुरख्याविना गाऊन जे साधले होते, तेच नेमके निषिद्ध ठरले. संचालिका स्वतः एकही स्वर काढीत नाही, श्रोत्यांकडे पाठ करून उभी राहते, आणि तरी सभागृहातील प्रत्येक स्वर तिच्या हाताच्या खुणेने उठतो. कंठावरील निर्बंध हातास तंतोतंत लागू होत नाही. परंतु वादक स्त्रियांनाही अडथळे आलेच. २०१५ मध्ये कुस्तीच्या एका आंतरराष्ट्रीय स्पर्धेत तेहरान सिंफनी वाद्यवृंदातील स्त्रियांच्या वादनास हरकत घेण्यात आली, तेव्हा संचालक अली रहबरी (आडनावाचा योगायोग भाषाभ्यासकास सुखविणारा आहे!) यांनी त्यांच्याविना वाजविण्यास नकार दिला.

कमर यांचा आवाज ध्वनिमुद्रिकांवर उरला; घराबाहेर गाणे बंद झालेली गायिका घरी तरी रियाज करू शकते. तारवादकाची तार त्याच्याजवळच असते. संचालकाचे वाद्य म्हणजे समोर बसलेली माणसे. प्रयोगास अनुमती नसेल तर ते वाद्यच त्याच्या हाती येत नाही. क्रांतीनंतर जवळपास चार दशकांनी झालेल्या प्रयोगासही ‘पहिली’ हे विशेषण लावावे लागले, यावरून अमीरी यांना हे वाद्य किती विरळा हाती आले असेल याचा अंदाज येतो.