सरंजामातून सार्वभौमत्व? : दादरा व नगर हवेली निकालाची चिकित्सा

परकीय सत्तेस मिळालेल्या गावांच्या सनदेतून राज्याधिकार निर्माण होतो काय, हा प्रश्न दादरा व नगर हवेलीच्या वादात हेग येथील आंतरराष्ट्रीय न्यायालयापुढे आला. १९५४ च्या जुलै-ऑगस्टमध्ये तेथील पोर्तुगीज सत्ता संपुष्टात आल्यानंतर पोर्तुगालने डिसेंबर १९५५ मध्ये भारताविरुद्ध दावा दाखल केला. १२ एप्रिल १९६० रोजी लागलेला त्याचा निकाल मार्गाधिकाराचा निकाल म्हणून ओळखला जातो. तथापि दमणहून या गावांकडे जाणाऱ्या वाटेपेक्षा गावांवरील हक्काचे मूळ हाच त्यातील अधिक विचारणीय भाग होय.

पोर्तुगालची भिस्त सवाई माधवरावांच्या कारकिर्दीतील १७७९ च्या पुणे तहावर आणि १७८३ व १७८५ च्या सनदांवर होती. हा तह विधिवत झालाच नाही, हा भारताचा युक्तिवाद न्यायालयाने अमान्य केला आणि ते योग्यच झाले. अठराव्या शतकातील कराराला नंतर रूढ झालेल्या पद्धतींचे निकष लावता येत नाहीत. शिवाय मराठ्यांनी स्वतः तो तह बंधनकारक मानला होता. परंतु तह वैध ठरला म्हणजे त्यातून राज्य मिळाले असे होत नाही. जेथे मराठ्यांना सार्वभौमत्व द्यावयाचे होते तेथे त्यांनी तशी स्पष्ट भाषा योजली होती. येथे मात्र सालिना १२,००० रुपयांचा सरंजाम होता, असा निष्कर्ष न्यायालयाने काढला. गावांतील बंड मोडण्याचा अधिकार पोर्तुगिजांना दिला होता, हे कलमही त्यांच्या विरोधात गेले. सार्वभौम सत्तेला असा अधिकार दुसऱ्याकडून कशाला घ्यावा लागेल? पेशवे दफ्तराशी परिचित असलेल्या अभ्यासकास हे विवेचन पटण्याजोगे आहे.

निकालाची दुर्बळ बाजू येथून पुढे दिसते. मराठी सत्ता गेल्यावर ब्रिटिशांना ही गावे पोर्तुगिजांच्या ताब्यात व अनन्य कारभाराखाली आढळली. त्यांनी ती तशीच राहू दिली. म्हणून पोर्तुगीज सार्वभौमत्वाला ब्रिटिशांची वस्तुतः व गर्भित मान्यता मिळाली, असे न्यायालय म्हणते. दीर्घ व निर्वेध सत्ताप्रयोगातून हक्क उपजू शकतो, हे तत्त्व मॅक्स ह्युबर यांच्या १९२८ च्या पाल्मास बेट निवाड्यापासून परिचित आहे. पण ज्याचा ताबा मुळात दात्याच्या परवानगीचा, त्याचे स्वरूप नेमके कोणत्या कृतीने पालटले, याचे उत्तर निकालपत्रात नाही. ब्रिटिशांनी स्पष्ट मान्यता कधीच दिली नव्हती, हे न्यायालयच नमूद करते. याच सरकारने मुंबई इलाख्यात १८५२ च्या कायद्यान्वये इनाम कमिशन नेमून एतद्देशीय इनामदारांचे हक्क कसोशीने तपासले. एतद्देशीयांना सनदेचा पुरावा मागणाऱ्या राजवटीचे पोर्तुगीज सरंजामाविषयीचे मौन कायद्याचे होते की राजनैतिक सोयीचे, हे तपासल्याविना त्यास मान्यतेचे मोल देणे घाईचे ठरते. स्वतंत्र भारताच्या तथाकथित मूक मान्यतेची बोळवण तर एका वाक्यांशात झाली आहे. ज्यांच्या श्रमातून हा वसूल उभा राहिला त्या वारली, कोकणा, धोडिया रयतेच्या इच्छेला या हक्कमीमांसेत स्थानच नाही.

हे सार्वभौमत्व गृहीत धरल्यामुळेच खासगी व्यक्ती, मुलकी अधिकारी व सर्वसाधारण माल यांच्यापुरता मार्गाधिकार ११ विरुद्ध ४ मतांनी मान्य झाला. सशस्त्र दलांसाठी तो ८ विरुद्ध ७ मतांनी नाकारला गेला. आणि १९५४ मध्ये वाट रोखण्यात भारताने कर्तव्यभंग केला नाही, हे ९ विरुद्ध ६ मतांनी ठरले. भारताच्या वतीने नियुक्त न्यायाधीश मो. क. छागला यांनी भिन्नमत नोंदविले. ऑगस्ट १९६१ मध्ये हा प्रदेश दहाव्या घटनादुरुस्तीने भारतीय संघराज्यात समाविष्ट झाला.