धुक्यातला कॅमेरा आणि कापसाची बंडी

हिवाळ्यात अकोटहून पहाटे पोपटखेडकडे निघाले, तर सातपुड्याच्या पायथ्याशी कधी कधी एवढे धुके असते की कापसाने भरलेली बंडी अगदी जवळ आल्याशिवाय दिसत नाही. अशा वेळी यंत्राच्या डोळ्यांवर विसंबता येईल का? एमआयटी या अमेरिकन संस्थेत गाय सटाट, मॅथ्यू टॅन्सिक आणि आपल्या नाशिकचे, पुण्याच्या अभियांत्रिकी महाविद्यालयात शिकलेले रमेश रासकर यांनी २०१८ साली या प्रश्नावर एक शोधनिबंध मांडला. आम्हाला तो आवडला, पण त्याच्याविषयी एक तक्रारही आहे.

चालकाविना चालणाऱ्या मोटारीतील लायडार लेसरचा क्षणिक झोत सोडतो आणि तो परतायला लागलेल्या वेळावरून अंतर काढतो. प्रकाश एका नॅनोसेकंदात सुमारे ३० सेंटिमीटर जातो. धुक्याचे थेंब हा प्रकाश चोहीकडे विखुरतात. त्यामुळे बंडीकडून येणाऱ्या मोजक्या फोटॉनांभोवती धुक्याकडून परतलेल्या फोटॉनांची गर्दी होते. रडारच्या सुमारे ४ मिलिमीटरच्या लहरींना हे थेंब फारसे अडवत नाहीत. पण रडारचे चित्र ढोबळ, आणि लोखंडी ट्रकच्या मानाने लाकडी बंडी त्याला फिकीच दिसणार.

या तिघांनी धुके बाजूला सारण्याऐवजी तेच मोजले. त्यांचा कॅमेरा दर ५६ पिकोसेकंदांत किती फोटॉन आले हे मोजतो. धुक्यातून परतणाऱ्या फोटॉनांच्या वेळांचा आलेख काढला, तर तो गॅमा वितरणाच्या आकाराचा येतो. धुके दाट झाले की आलेखाची उंची-रुंदी बदलते, घराणे तेच राहते. हा आलेख वजा केला की वस्तूचा उंचवटा उरतो. १,०२४ चित्रबिंदूंपैकी प्रत्येकासाठी हे गणित वेगळे होते, म्हणून धुके किती दाट आहे हे आधी माहीत असावे लागत नाही. वितरणे कशाला शिकायची, असे विचारणाऱ्या विद्यार्थ्याला याहून चांगले उत्तर आम्हाला सुचत नाही.

आता तक्रार. निबंधाच्या शीर्षकात 'दिशेने' हा नम्र शब्द आहे, पण त्याच शीर्षकातला 'वास्तव धुके' हा शब्दप्रयोग खटकतो. प्रयोग झाला एक मीटर लांबीच्या पेटीत. तिथे माणसाला ३६ सेंटिमीटरपर्यंत दिसत होते, यंत्राला ५७ सेंटिमीटरपर्यंत. म्हणजे सुमारे १.६ पट. रस्त्यावर ३० मीटर दिसत असेल, तर यंत्राला ४८ मीटर दिसेल, असा हिशेब करण्याचा मोह होतो. मात्र अंतर ८४ पट वाढले की परतणारा प्रकाश अंतराच्या वर्गाने, म्हणजे सुमारे सात हजार पट घटतो. धुक्याने खाल्लेला वेगळाच. शिवाय आलेख भरायला अनेक झोतांचे फोटॉन जमवावे लागतात, आणि ताशी ६० किलोमीटर वेगाची मोटार तेवढ्यात थांबून राहत नाही. एका सेकंदात ती जवळजवळ १७ मीटर पुढे गेलेली असते, आणि बंडीही आपल्या जागी नसते.